'लाझ'मधला 'ला' कोण?

प्रश्न असा आहे : 'देअर शी गोज' हे गाणं गाणाऱ्या लिव्हरपूलच्या बँडच्या नावात (The La's) 'ला' आणि 'ज' यांच्यामध्ये अ‍ॅपॉस्ट्रॉफी आहे, ती षष्ठीची का? असेल तर 'ला'चं काय? आणि मराठीत 'द लाज' लिहिलं तर चालेल का?

षष्ठीची नाही. लिव्हरपूलच्या बोलीत, म्हणजे स्काउसमध्ये, 'लॅड'मधला (lad, म्हणजे पोरगा) 'ड' गळतो आणि 'ला' उरतो. अ‍ॅपॉस्ट्रॉफी त्या गळालेल्या 'ड'च्या जागेवर बसली आहे. मराठीत गळालेल्याची अशी आठवण ठेवायची पद्धत आता राहिली नाही. 'नांव', 'कांहीं' यांवर न उच्चारले जाणारे अनुस्वार असायचे, तेही १९६२च्या नियमांनी गेले.

हा 'ला' बहुतेक वेळा हाकेत येतो, वाक्याच्या शेपटाला. "ऑलराइट, ला?" म्हणजे आपलं "काय लेका, बरंय ना?" लेक म्हणजे पोटचं पोर, पण 'लेका' म्हणतो आपण दोस्ताला. मालवणीतला 'झिला'ही त्याच वाटेने आलेला. मात्र 'लेका'त किंचित दम असतो, रागावतानाही तो चालतो. नुसत्या बरोबरीच्या आपुलकीसाठी कोल्हापूरचा 'भावा' मला जास्त जवळचा वाटतो.

पण बँडचं नाव म्हणजे हाक नव्हे, तिथे तो साधा अनेकवचनी नाम आहे. त्याला मराठीत एकच शब्द शोभतो : पोरं. कट्ट्यावर येऊन "पोरं कुठायत?" असं विचारतो, ती पोरं. 'मुले' केलंत तर शाळेचा हजेरीपट उघडतो. शिवाय 'ला' हा पाश्चात्त्य सरगमेतला सहावा स्वर, आपला धैवत, आणि शब्द आठवेनात की गुणगुणायलाही तोच. गाणाऱ्या पोरांना याहून सोयीचं नाव मिळालं नसतं.

नाव जितकं मोकळंढाकळं, तितकी कारकीर्द अडलेली. १९८३मध्ये माइक बॅजरने बँड काढला, पुढच्या वर्षी ली मेव्हर्स आला. बॅजर १९८६मध्ये बाहेर पडला आणि सगळा कारभार मेव्हर्सकडे गेला. बेस गिटारवर जॉन पॉवर. अल्बम एकच, ऑक्टोबर १९९०चा, आणि तोही पोरांच्या मनाविरुद्ध. तीच गाणी वेगवेगळ्या निर्मात्यांबरोबर पुन्हा पुन्हा ध्वनिमुद्रित झाली, पण मेव्हर्सच्या मनातला आवाज काही टेपवर उतरेना. शेवटी 'गो! डिस्क्स' कंपनीने स्टीव्ह लिलीव्हाइटकडून काम पुरं करून घेतलं आणि अल्बम बाजारात आणला. मेव्हर्सने मुलाखतींतून त्याला उघडउघड नावं ठेवली. जगाला तो आवडला, हे त्याच्या लेखी गौण.

'देअर शी गोज' १९८८मध्ये येऊन फारसं न गाजता गेलं, १९९०मध्ये पुन्हा आलं तेव्हा ब्रिटनच्या लोकप्रिय गाण्यांच्या यादीत तेराव्या क्रमांकापर्यंत चढलं. त्यात वेगळी कडवी नाहीतच. ध्रुवपद फिरून फिरून येतं, मध्ये एकदा चाल वळते, बस्स. सुरुवातीचे गिटारचे सूरच सगळा भार वाहतात.

आता लेखन. 'लाज' नको. मराठी वाचक त्यातला ज शरमेचाच वाचणार. 'क्विझ' लिहितो तसं 'लाझ' लिहावं. क्रियापद अनेकवचनी ठेवावं : बँड फुटला, पण लाझ फुटले, जसे बीटल्स फुटले. पॉवर १९९१मध्ये बाहेर पडला आणि त्याने 'कास्ट' नावाचा बँड काढला. हे नावही शब्दप्रेमींच्या कामाचं आहे : लाझच्या त्या एकुलत्या अल्बममधल्या शेवटच्या गाण्याचा शेवटचा शब्द 'कास्ट' हाच आहे, आणि पॉवरने तो तिथूनच उचलला.