ओठ शिवण्याआधी जनुकांची तपासणी करावी का?

प्रश्न : आमच्या मुलीचा ओठ आणि टाळू दोन्ही दुभंगलेले आहेत. ती चार महिन्यांची आहे. ग्रहणात विळीवर मासे कापले म्हणून असं झालं, असं घरात बोलतात. ओळखीचे एक जण म्हणतात, आधी मुंबईला रक्त पाठवून जनुकं तपासा, मग शस्त्रक्रिया करा. थांबावं का? पुढच्या बाळाचं काय?
— एक वाचक, देवगड

उत्तर : आधी विळीचं. वरचा ओठ गर्भाच्या चौथ्या ते सातव्या आठवड्यात सांधला जातो, टाळू त्यानंतर, साधारण बाराव्यापर्यंत. पंचांगात ग्रहणाची तारीख काढून आठवडे मोजा. बहुधा हिशेबच जुळणार नाही.

तपासणीसाठी ओठाची शस्त्रक्रिया लांबवू नका. ती तीन ते सहा महिन्यांत करतात; वजन साडेचार किलोच्या वर आणि हिमोग्लोबिन १० असावं. टाळू ९ ते १८ महिन्यांत शिवतात. फार उशीर झाला तर नाकातून बोलण्याची सवय जडते.

पैसे भरण्यापूर्वी बॅटरी घ्या आणि मुलीचा खालचा ओठ नीट बघा, मग तुम्हा दोघांचाही. मध्यरेषेच्या दोन बाजूंना टाचणीच्या डोक्याएवढे खड्डे दिसले, तर व्हॅन डर वूड विकाराची शंका घ्यायची. त्यात बहुतेकदा आयआरएफ६ जनुकात बदल असतो. आई किंवा वडिलांना नुसते खड्डेच असू शकतात, पण तो बदल प्रत्येक बाळाकडे जाण्याची शक्यता ५० टक्के. खड्डे नाहीत, दुसरा दोष नाही, घराण्यात कुणाला नाही, तर पुढच्या बाळाला धोका साधारण ३ ते ५ टक्के. अशा वेळी महागड्या तपासणीत बहुधा काही हाती लागत नाही.

तपासणीमुळे शस्त्रक्रियेची आखणीच बदलते, असं मात्र कधीकधी होतं. टाळूबरोबर हृदयात दोष असेल किंवा कॅल्शियम कमी राहत असेल, तर २२व्या गुणसूत्राचा छोटा तुकडा गळाला आहे का, ते पाहतात. त्यासाठी मायक्रोअॅरे, म्हणजे गुणसूत्रांचे गळालेले किंवा जादा तुकडे शोधणारी तपासणी मागा. जनुकांची अक्षरं वाचणाऱ्या नुसत्या एक्सोम तपासणीतून तो निसटू शकतो. या मुलांत मेंदूकडे जाणारी मोठी धमनी घशाच्या मध्याकडे सरकलेली असू शकते. पुढे आवाजासाठी घशाची शस्त्रक्रिया करताना सर्जनला हे ठाऊक नसेल तर प्रसंग ओढवतो. टाळूसोबत हनुवटी फार लहान असेल तर डोळ्यांचा पडदाही तपासून घ्या; स्टिकलर नावाच्या जनुकीय विकारात तो सुटू शकतो.

तपासणी केलीच, तर मुलीचं आणि तुम्हा दोघांचं, असं तिघांचं रक्त एकदम द्या. एकट्या बाळाच्या अहवालात ‘अर्थ अनिश्चित’ असा बदल येऊ शकतो आणि पालकांशी ताडल्याशिवाय पुढे जाता येत नाही. पुढच्या वेळी दिवस जाण्याच्या निदान महिनाभर आधीपासून फॉलिक अॅसिड रोज ४०० मायक्रोग्रॅम घ्या. ते मुख्यतः मणक्याच्या दोषांसाठी, ओठाची हमी त्यात नाही. राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रमात हा दोष समाविष्ट आहे; जिल्हा रुग्णालयात त्याची चौकशी करा.

प्रश्न : कान टोचल्यावर पाळीला वाटाण्याएवढी गाठ आली. आईच्या छातीवरही तशीच आहे. जनुकं तपासून ती कापावी का?
— एक वाचक, गुहागर

उत्तर : ही केलॉइड वाटते, म्हणजे जखमेचा व्रण वाजवीपेक्षा वाढून झालेली गाठ. घराण्यात चालते हे खरं, पण कुणाला येईल हे सांगणारी भरवशाची जनुक चाचणी नाही. आईची गाठच पुरेसं सांगते. नुसती कापली तर बहुतेकदा परत येते, कधी आधीपेक्षा मोठी. उपाय म्हणजे गाठीतच ट्रायामसिनोलोन या स्टेरॉइडचं इंजेक्शन, ४ ते ६ आठवड्यांच्या अंतराने. कापायचीच तर पाठोपाठ इंजेक्शनं आणि पाळीला दाब देणारी क्लिप. आणि दुसरा कान टोचू नका.