सड्यावरचं फूल ओळखताना आधी जागा आणि महिना बघा

तुम्ही लिहिलंय की रत्नागिरीजवळच्या सड्यावर, म्हणजे जांभ्या कातळाच्या उघड्या पठारावर, ऑगस्टात काढलेले फोटो घेऊन दोन पुस्तकं चाळलीत, जांभळ्या फुलांची सगळी पानं उलटलीत, तरी एकही फूल खात्रीनं जुळलं नाही. त्यात तुमचं काही चुकलेलं नाही. खिशात मावणारी बरीच पुस्तकं रंगानुसार लावलेली असतात आणि रंग हा ओळखीचा सगळ्यात कच्चा धागा. रानातला तेरडा बहुतेक गुलाबी, पण त्याच उतारावर एखादा पांढराही सापडतो.

सड्यावर उलट्या क्रमानं जा. आधी जागा नोंदवा: उघडा कातळ, कातळातलं उथळ डबकं, बोटभर मातीचा थर, की गडग्याकडेची (दगडी बांधाकडेची) झुडपं? मग महिना. एवढ्यानंच पुस्तकातली बरीचशी पानं बाजूला पडतात. पावसाच्या सुरुवातीला कंदवाल्यांची पाळी असते: मुसळी, हबेआमरी (जमिनीवर वाढणारं ऑर्किड), पांढरी दीपकाडी. त्यातली कोकण दीपकाडी तर इथल्या जांभ्याच्या सड्यांची खास रहिवासी. तिच्या शास्त्रीय नावातच कोकण आहे. गणपतीच्या सुमारास येणारा बहर वेगळा. तेव्हा गेंदाचे पांढरे मणी, कवल्याची पिवळी फुलं आणि सीतेची आसवं यांनी कातळ झाकून जातो.

या कातळावर माती नावालाच असते आणि तिच्यात नत्र फार कमी. म्हणून इथं कीटक खाणाऱ्या वनस्पती तग धरतात. दवबिंदू नावाच्या वनस्पतीच्या पानांवरच्या चिकट केसांना बारीक किडे अडकतात. सीतेच्या आसवांचे सापळे वर दिसतच नाहीत. ओल्या मातीत सूक्ष्म पिशव्या असतात आणि त्या पाण्याबरोबर बारीक जीव आत ओढून घेतात. हे माहीत असलं की त्या इवल्या निळ्या फुलापाशी माणूस आपोआप जास्त वेळ थांबतो.

आता फोटोंबद्दल. पुस्तकातल्या फोटोत सीतेची आसवं तळहाताएवढी वाटतात, प्रत्यक्षात फूल नखाएवढं. त्यामुळे फोटोखालची बारीक अक्षरातली ओळ आधी वाचा: उंची, फुलाचा आकार, बहराचा काळ, कुठं सापडते. सह्याद्रीवरची पुस्तकं चांगली आहेत, पण त्यांत घाटमाथ्याचा भरणा असतो. कासचा वायतुरा सुमारे बाराशे मीटरवरच्या पठारावरचा. समुद्रापासून जेमतेम शे-दीडशे मीटर उंचीच्या आपल्या सड्यावर तो शोधत बसू नका. मोबाइलमधल्या ॲपनं सुचवलेलं नावही याच ओळींवर तपासून घ्या. पुढं गोडी वाढली की थिओडोर कुक यांचा मुंबई इलाख्याच्या वनस्पतींवरचा ग्रंथ बघा. 1901 ते 1908 या काळात तो निघाला. चित्रं नाहीत, भाषा जड आहे, पण दोन सारख्या जातींतला फरक तिथं नेमका सापडतो.

स्वतः फोटो काढताना फुलाचा समोरून एक पुरे. बाकीचे बाजूनं, मागून, पानाच्या दोन्ही अंगांचे आणि अख्ख्या झाडाचे, शेजारी बोट किंवा नाणं ठेवून. तेरडा, हबेआमरी आणि सीतेची आसवं, तिघांच्याही फुलाला मागं शेपटीसारखी नळी असते. तिची लांबी आणि वळण बघितल्याशिवाय जात ठरवणं अवघड. गेंदाच्या बाबतीत मात्र हट्ट धरू नका. जाती ओळखायला भिंग आणि बीसुद्धा लागतं; ‘गेंद’ एवढी नोंद प्रामाणिक आहे.

सकाळीच जा, केन्याची फुलं दुपारपर्यंत मिटतात. गुडघे टेकण्याआधी जागा नीट बघा, सड्यावर फुरसं हा विषारी साप असतो. आणि काहीही उपटू नका, कंद तर मुळीच नाही.

पुस्तकाइतकाच मोठा आधार गावात आहे. फोडशी, टाकळा, भारंगी या रानभाज्या विकायला आणणाऱ्या बायकांना पान कोवळं असतानाच झाड ओळखू येतं, फुलाची वाट बघावी लागत नाही. तळकोकणात गणपतीवर माटवी (मूर्तीच्या वर टांगलेली लाकडी चौकट) सजवतात, तेव्हा रानातून कवंडळं, शेरवडाची पांढरी पानं घरात येतात. त्या वेळी घरातल्या मोठ्यांबरोबर रानात जा. कुठलं झाड कुठल्या बांधावर, हे त्यांच्या पायांना ठाऊक असतं. पावसाळा संपला की किनाऱ्याकडे वळा. वाळूवर मर्यादवेल जवळजवळ वर्षभर फुललेली असते, आणि उन्हाळ्यात खाडीच्या चिखलात मारांडीची जांभळी फुलं येतात.

तुमच्या तिसऱ्या फोटोतलं निळं फूल सीतेच्या आसवांपैकीच आहे. पण त्या गटात अनेक जाती आहेत. देठ गवताला वेढा घालत चढलाय की सरळ उभा आहे, ते फोटोत दिसत नाही. भाताच्या मळ्यात वेढा घालणारी जात नेहमी भेटते. बहर संपण्याआधी पुन्हा एकदा जा, देठाचा आणि फुलाच्या मागच्या नळीचा बाजूनं फोटो काढा आणि इथंच टाका. मग जात ठरवू.