वाचक विचारतात: जपानी किल्ल्यांच्या बागा बघायला गाइड घ्यावा का?

गेल्या अंकात जपानच्या किल्ल्यांवर चार ओळी लिहिल्या होत्या आणि शेवटी सहज म्हटलं होतं की किल्ल्यापेक्षा शेजारची बाग जास्त वेळ बघा. त्यावर एवढी पत्रं आली की यावेळचं सगळं सदर त्यालाच दिलंय. कोल्हापुरातून इतके लोक जपानला निघालेत हे मला माहीतच नव्हतं.

मुलगा ओसाकात नोकरीला आहे, एप्रिलमध्ये आम्हा दोघांना बोलावलंय. त्यानं हिमेजीची 'किल्ला आणि ऐतिहासिक बाग' अशी अर्ध्या दिवसाची गाइडेड वॉकिंग टूर बघून ठेवलीय, पैसे बरेच आहेत. आम्ही जन्मभर पन्हाळ्यावर पायी फिरलेली माणसं, बागेत फिरायला गाइड कशाला? आणि मुळात किल्ल्यात बाग हे काय प्रकरण आहे? — एक निवृत्त शिक्षक, कळंबा

सर, आधी तुमच्या दुसऱ्या प्रश्नाचं बघू, कारण त्यातच पहिल्याचं उत्तर आहे.

पन्हाळा हा लढायचा किल्ला. अंबरखान्यात धान्य, अंधारबावेत पाणी, तीन दरवाज्यावर शत्रू अडवायचा, आणि 1660 मध्ये सिद्दी जौहरचा वेढा पडला तेव्हा ह्या सगळ्याचा खरोखर उपयोग झाला. जपानमध्येही आधी तसंच होतं. हिमेजीचा आज दिसतो तो पांढरा मुख्य बुरुज 1609 मध्ये पुरा झाला, बांधणारा इकेदा तेरुमासा, जपानची सत्ता हातात घेतलेल्या तोकुगावा इएयासूचा जावई. म्हणजे 1600 ची सेकिगाहाराची मोठी लढाई होऊन जेमतेम नऊ वर्षं झालेली, परत कधी पेटेल सांगता येत नाही अशी हवा. म्हणून त्या किल्ल्यात वाट मुद्दाम गोल गोल फिरवलीय, दारं लहान, भिंतीत तिकोनी-चौकोनी भोकं बंदुका आणि बाणांसाठी.

मग 1615 मध्ये तोकुगावांनी फर्मान काढलं की एका सरदाराच्या मुलखात एकच किल्ला राहील, बाकीचे पाडा, आणि आहे त्याची डागडुजी करायची तरी आधी परवानगी घ्या. पुढं जवळजवळ अडीचशे वर्षं मोठी लढाई म्हणावी अशा फारच थोड्या झाल्या. आता सरदाराकडं पैसा आहे, माणसं आहेत, नवा किल्ला बांधायची सोय नाही, मग त्यानं काय करायचं? बाग करायची. पाहुणे आणायचे, चहा पाजायचा, तळ्यात होडी फिरवायची, आपण किती रसिक आणि किती श्रीमंत ते दाखवायचं. त्याच तेरुमासाचा पणतू इकेदा त्सुनामासा, ओकायामाचा सरदार, त्यानं 1687 मध्ये किल्ल्यासमोर नदीच्या पलीकडं कोराकुएन नावाची बाग करायला घेतली, 1700 मध्ये ती पुरी झाली. पणजोबानं तटबंदी बांधली आणि पणतूनं तळं, हिरवळ, चहाचा मळा केला. मला विचाराल तर जपानच्या इतिहासाची ती शंभर वर्षं एवढ्यात समजतात, आणि हिमेजी ते ओकायामा शिंकान्सेननं, म्हणजे बुलेट ट्रेननं, अर्धा तास सुद्धा लागत नाही.

आता गाइडचं. ह्या सरदारांच्या बागा एका जागी बसून बघायच्या नसतात, त्या चालून बघायच्या असतात, ठरलेल्या वाटेनं. वळण घेतलं की तळं झाकलं जातं, चार पावलांवर टेकडीमागून परत उघडतं, बाहेरचा डोंगर किंवा किल्ल्याचा बुरुज बागेचाच भाग असल्यासारखा दिसावा म्हणून मधली झाडं ठराविक उंचीलाच छाटलेली असतात. हे सगळं आपल्याला नुसतं 'छान वाटतंय' एवढंच कळतं, का छान वाटतंय ते कुणीतरी थांबवून सांगावं लागतं. पन्हाळ्यावर तुम्ही एखाद्या पाहुण्याला घेऊन गेलात तर तुम्हीही तेच करता की, नाहीतर तो फक्त वारं खाऊन आणि झुणका-भाकर खाऊन खाली उतरतो.

पण सर, तुमच्या मुलानं बघितलेल्या टूरबद्दल एक गोष्ट स्पष्ट सांगते. हिमेजी किल्ल्याशेजारची बाग, कोकोएन, ती 1992 ची आहे. हो, 1992. जागा जुनी आहे, तिथं सरदाराचा पश्चिमेकडचा वाडा आणि सामुराईंची घरं होती, खोदकामात मिळालेल्या जुन्या वाड्यांच्या आखणीवर नऊ वेगवेगळ्या बागा बसवल्यात, आणि केल्यात इतक्या झकास की तिथं जुन्या काळातल्या मालिकांचं शूटिंग होतं. बघण्यासारखी शंभर टक्के आहे, फक्त 'ऐतिहासिक बाग' म्हणून तिचे जादा पैसे कुणी लावत असेल तर लावू देऊ नका. किल्ला आणि बाग दोन्हीचं एकत्र तिकीट तिथंच मिळतं. मुलाला सांगा, टूरवाल्याला मेल टाकून एवढंच विचार की एकूण वेळातला बागेत किती, एका गाइडमागं माणसं किती, आणि तिकिटं धरून पैसे आहेत का वेगळे. बागेला अर्धा तास म्हणाला तर ती टूर किल्ल्याचीच आहे, बाग नावाला लावलीय.

माझं मत विचाराल तर हिमेजीचा किल्ला तुम्ही दोघं मुलाबरोबर बघा, स्टेशनातून बाहेर पडलं की समोर सरळ रस्त्याच्या टोकाला किल्ला दिसतो, वीस मिनिटं चाललं की पोचलात. आणि गाइडचे पैसे ओकायामाला घाला. तिथला बागेसमोरचा काळा किल्ला 1945 च्या बॉम्बहल्ल्यात जळाला आणि 1966 मध्ये काँक्रीटचा परत बांधला, बागेचंही त्या हल्ल्यात आणि त्याआधी 1934 च्या पुरात नुकसान झालं होतं, पण सरदारांच्या काळातली चित्रं आणि कागदपत्रं शिल्लक होती म्हणून ती होती तशी परत करता आली. कुठलं घर कुठल्या चित्रावरून उभं केलं, हे सांगणारा माणूस सोबत असला तर पैसे वसूल. चेरीचा बहर साधारण मार्चअखेर ते एप्रिलचा पहिला आठवडा, तो हवा असेल तर तिकीट लवकरचं काढा, आणि एप्रिलच्या शेवटापासून मेच्या पहिल्या आठवड्यापर्यंत सुट्ट्यांची तिथं भयानक गर्दी असते, ती टाळा.

सासूबाई आमच्याबरोबर येणार आहेत, वय 74, गुडघे दुखतात. कानाझावाची केनरोकुएन बाग खूप ऐकलीय, त्यांना झेपेल का? — ताराबाई पार्क

वहिनी, खरं सांगू का, गुडघ्यांसाठी केनरोकुएन पहिली पसंती नाही. ती कानाझावा किल्ल्यासमोर उंचवट्यावर आहे, वाटा बऱ्याच ठिकाणी खडीच्या, चढ-उतार आहेत. ओकायामाची कोराकुएन सपाट, मोकळी, मोठमोठ्या हिरवळी, व्हीलचेअरही मिळते, सासूबाईंसाठी ती नेमा. किल्ल्यांच्या आत मात्र नेऊ नका, हिमेजीच्या बुरुजात सहा मजले चढायचे, लाकडी जिने जवळजवळ शिडीसारखे उभे, लिफ्ट नाही.

पण कानाझावालाच जायचं ठरलेलं असेल तर जाऊ नका असं मी म्हणणार नाही, कारण ती बाग माझी सगळ्यात आवडती आहे. वॉकिंग टूरवाल्याला आधीच कळवा की एक वयस्कर बाई आहेत, वाट छोटी करा, कासुमिगाइके तळ्याच्या काठाला जास्त वेळ बसवा. दोन पायांचा तो प्रसिद्ध दगडी दिवा, एक पाय पाण्यात आणि एक काठावर, तिथंच आहे. आणि गाइडला पाण्याचं नक्की विचारा. 1631 मध्ये गावाला मोठी आग लागली, त्यानंतर 1632 मध्ये लांबून नदीचं पाणी कालव्यानं आणलं, आणि बागेच्या उंचीवरून ते खाली उतरवून खंदकाच्या पलीकडं किल्ल्यात परत वर चढवलं, पंप-बिंप काही नाही, नुसत्या पाण्याच्या दाबावर. बागेतलं जुनं कारंजं सुद्धा तसंच चालतं, वरच्या तळ्यात पाणी जेवढं वर तेवढं कारंजं उंच. राधानगरी धरण बांधणाऱ्या शाहू महाराजांच्या गावची माणसं आपण, ही गोष्ट आपल्याला फुलांपेक्षा जास्त आवडणार.

ती बाग मायेदा सरदारांनी 1676 पासून वाढवत नेली, मध्ये 1759 ला जळाली, परत केली, आणि 1874 मध्ये सगळ्यांसाठी उघडली. नोव्हेंबरात गेलात तर पहिल्या तारखेपासून पाइनच्या झाडांना उंच खांबावरून दोऱ्या बांधायला घेतात, बर्फाच्या वजनानं फांद्या मोडू नयेत म्हणून, ते काम माळी शिडीवर चढून करत असतात. आमचे हे तर तिथून हलायलाच तयार नव्हते.

मी इंजिनिअरिंगला आहे, एक्स्चेंज प्रोग्रॅमवर क्योटोला चाललोय. बजेट शून्य. फुकट गाइड मिळतो का? — रुईकर कॉलनी

मिळतो रे. बऱ्याच गावात गुडविल गाइड म्हणून व्हॉलंटिअर लोकांचे गट असतात, जास्त करून निवृत्त मंडळी, इंग्रजी बोलायची हौस असलेली. साधारण दोन आठवडे आधी मेल करायचा. ते फी घेत नाहीत, त्यांचं जायचं-यायचं भाडं आणि आत जायचं तिकीट आपण द्यायचं, जेवायची वेळ असेल तर जेवणही. टिप देऊ नको, जपानमध्ये ती पद्धत नाही, समोरचा माणूस उगाच अवघडतो. इथून पाच रुपयाच्या वस्तूसारखं काहीतरी छोटं ने, तेवढं पुरे. आणि वेळेवर पोच, कोल्हापुरी 'आलो आलो, वाटेतच आहे' तिथं चालत नाही.

क्योटोत निजो किल्ला बघ. 1603 मध्ये इएयासूनं बांधला आणि 1867 मध्ये शेवटच्या तोकुगावा शोगुननं, म्हणजे लष्करी राज्यकर्त्यानं, सत्ता सोडल्याचं तिथंच जाहीर केलं, म्हणजे ह्या राज्याची सुरुवात आणि शेवट एकाच आवारात. तिथल्या निनोमारू वाड्याची बाग कोबोरी एन्शू ह्या त्या काळच्या नामवंत बाग आखणाऱ्याच्या नावावर सांगतात, 1626 मध्ये सम्राट येणार म्हणून ती नव्यानं सजवली, अशी की तीन वेगवेगळ्या इमारतींतून बघितलं तरी प्रत्येकाला बाग आपल्याचकडं तोंड करून आहे असं वाटावं. त्यातली सम्राटासाठी बांधलेली इमारत आता नाही. तर तुझ्या गाइडला म्हण, ती जिथं होती तिथं मला उभं करा आणि मग तळ्यातले दगड दाखवा. वाड्याच्या आत फोटो काढू देत नाहीत, आत्ताच सांगून ठेवते.

कोल्हापुरी चप्पल घालून गेलं तर चालेल का? — महाद्वार रोड

मिरवायला चालेल, दिवसभर खडीवर चालायला नाही. सहज काढता-घालता येतील असे बूट घ्या, कारण वाड्यात आणि किल्ल्यात काढायला लागतात, आणि मोजे नवे घ्या. अंगठा बाहेर आलेला मोजा सगळ्या ग्रुपला दिसतो.

आम्ही जैन आहोत. चार-पाच तास बागेत फिरायचं म्हणजे खायचं काय? — शाहूपुरी

ताई, बाहेरच्या जेवणाचा भरवसा धरू नका. भाजीचं सूप, नूडल्स, नुसती उकडलेली भाजी, सगळ्याच्या मुळाशी बऱ्याचदा सुक्या माशाचं पाणी असतं आणि त्यांना ते मांसाहारी वाटतच नाही, त्यामुळं 'व्हेज आहे का' विचारलं की हो म्हणतात. माशाचा रस्सा सुद्धा नको असं जपानीत लिहिलेली चिठ्ठी फोनमध्ये ठेवा, टूरच्या गाइडकडूनच लिहून घ्या. बागांमधल्या चहाघरात माच्चा, म्हणजे हिरव्या चहाच्या पुडीचा चहा, आणि एक गोड मिळतं, तांदळाचं पीठ, वाटलेल्या लाल घेवड्याचं सारण, साखर, ते बहुतेक वेळा चालण्यासारखं असतं, तरी विचारून घ्या. चहा पिताना समोर बाग असते, त्यामुळं टूरमध्ये चहा धरलेला असेल तर तो भाग सोडू नका. बाकी भडंग आणि दशम्या न्या, ताजी फळं-भाज्या मात्र विमानातून नेऊ नका, कस्टमवाले काढून घेतात. आणि चालता चालता खाऊ नका, ठरवलेल्या बाकावर बसून खा, कचरा परत पिशवीत, कारण कचरापेट्या दिसतच नाहीत.

जपान ह्या जन्मात काही होत नाही आमच्याच्यानं. इथं जवळपास असलं काही आहे का? — उजळाईवाडी

आहे की हो, पुण्यात. सिंहगड रोडवरचं पु. ल. देशपांडे उद्यान, त्यालाच पुणे-ओकायामा मैत्री उद्यान म्हणतात, वर सांगितलेल्या कोराकुएनच्या धर्तीवर केलंय. तळं, छोटे पूल, वळणाची वाट, हिरवळ, सगळं आहे. कुठल्या वळणावर तळं झाकतंय आणि कुठून परत दिसतंय ते बघत एक फेरी हळू मारा, मग उलट्या बाजूनं दुसरी मारा, फरक लक्षात येतो. गाइड नाही, म्हणून हे पान कापून न्या. मुलांना हिरवळीवर पळू देत नाहीत, सिक्युरिटीवाला शिट्टी मारतो, आणि रविवारी संध्याकाळी गर्दी फार, त्यामुळं मधल्या वारी सकाळीच गाठा.