कासव चिडलंय की घाबरलंय, हे ओळखायचं कसं?

तुम्ही लिहिलंय की जवळ गेलं की कासव मान आत ओढून फुसकारतं, दिवसभर टाकीच्या काचेवर पाय मारत बसतं आणि बायको आली की मात्र मान लांब करून तिच्याकडे बघतं. त्यावरून त्याला तुमचा राग आहे असं तुम्ही ठरवलंय. राग-बिग काही नाही. घरात त्याला खायला कोण घालतं? बायको. विषय संपला.

खरं म्हणजे इथंच थांबायला हवं होतं. पण 'कासवाच्या मनातलं मला कळतं' असं म्हणणारा एक माणूस आमच्याच नात्यात आहे. माझे दाजी. थोरल्या बहिणीचा नवरा, त्यामुळं तोंडावर उलट बोलायची सोय नाही. आता इथं बोलतो.

कासव मुळात त्यांचंच. घरात उत्तरेला कासव ठेवलं की पैसा टिकतो, असं कुणीतरी त्यांच्या डोक्यात भरवलं. त्यांनी दुकानातनं बिस्किटाएवढं पिल्लू आणलं, डोळ्यामागं लाल पट्टा असलेलं. 'एवढंच राहतंय,' असं दुकानदारानं सांगितलेलं. त्याचं नाव कुबेर ठेवलं. हे रेड इअर्ड स्लायडर. अमेरिकेतल्या मिसिसिपीच्या खोऱ्यातलं, पण आपल्याकडं सगळे त्याला चायनीज कासव म्हणतात. ते एवढंच राहत नाही. मादी जेवणाच्या ताटाएवढी होते आणि नीट सांभाळली तर वीस-तीस वर्षं जगते. कुबेर वाढला, पाणी वास मारायला लागलं, सांगलीच्या फ्लॅटमध्ये अक्का वैतागली आणि पैसा टिकवणारं कासव कोल्हापूरला शिवाजी पेठेत आमच्याकडं आलं. मागं परडं आहे ना तुमच्यात, असं म्हणून. तेव्हापासून पाणी बदलतो मी आणि मन ओळखतात दाजी.

आमच्याकडं आल्यावर पहिल्याच आठवड्यात कळलं की कुबेर बाई आहे. पुढच्या पायांची नखं आखूड, शेपटी बारीक आणि छोटी. नराची नखं लांबलचक असतात, शेपटी जाड असते. आम्ही तिला बारकी म्हणतो. दाजी अजून कुबेरच म्हणतात.

मागं एकदा जोतिबाच्या यात्रेला अक्का-दाजी आले होते. चैत्रातलं ऊन, घरात पाहुण्यांची गर्दी, सगळीकडं गुलाल. त्या आधीच्या आठवड्यात बारकीनं खाणं सोडलं होतं. लाल माठ तिला जीव की प्राण, त्याच्याकडंसुद्धा ढुंकून बघेना. रात्रभर टबच्या कडेला पुढचे पाय टेकून वर चढायची धडपड करायची, परत पाण्यात आपटायची. दाजींनी चहा घेता घेता निदान केलं. 'त्याला कोंडल्यासारखं होतंय. मुक्ती मागतंय ते. रंकाळ्यात सोडून येऊ, पुण्य लागेल.' आई लगेच तयार. यात्रेचे दिवस, पुण्याचं काम, आणि टब घासायची कटकट कायमची जाणार.

मी नाही म्हणालो. पहिलं कारण म्हणजे रंकाळा. हे कासव जगातल्या सगळ्यात त्रासदायक शंभर घुसखोर प्रजातींच्या यादीत आहे. तळ्यात गेलं की आपल्या देशी कासवांचं खाणं आणि ऊन खायची जागा दोन्ही बळकावतं. पुण्य कसलं त्यात? दुसरं कारण, मी तिचे मागचे पाय बघितले होते. परड्यात फरशी धुताना तिला खाली सोडलं की ती कोपऱ्यातल्या मातीकडं जायची आणि मागच्या पायांनी, एकदा डावा, एकदा उजवा, असं उकरायची. पळून जायचं असतं तर पुढच्या पायांनी वाट काढली असती. मागचे पाय खड्डा करतात तेव्हा प्रकरण अंड्यांचं असतं.

दाजी एवढे हसले की चहा सांडला. 'नर कुठाय?' म्हणाले. अहो, पोल्ट्रीतली कोंबडी तरी कुठं कोंबडा बघते? कासवाची मादीही नराशिवाय अंडी घालते, फक्त त्यातनं पिल्लू येत नाही. हे मी अर्थातच बोललो नाही. दाजी होते समोर.

कडीपत्त्याच्या बुडाची माती खणून भुसभुशीत केली, पाणी मारलं, भोवती विटा लावल्या आणि संध्याकाळी बारकीला तिथं ठेवून सगळ्यांना आत हाकललं. कारण अशा वेळी माणूस जवळ घुटमळला की मादी काम सोडून देते. मी न्हाणीच्या खिडकीतनं बघत होतो. जागा ठरवायलाच तिनं बराच वेळ घेतला. मग मागनं स्वतःच पाणी सोडून माती भिजवली आणि उकरायला लागली. आश्चर्य वाटतं ते हे, की ती एकदाही मागं वळून खड्डा बघत नाही. सगळं काम पायांच्या अंदाजावर. अंधार पडल्यावर अंडी आली. लांबट, पांढरी, मऊ कवचाची. प्रत्येक अंडं मागच्या पायानं अलगद खाली घेतलं, शेवटी माती ओढून थोपटून बसवली. सकाळी उकरून बघितलं तर सात. आणखी आत अडकलेली नाहीत ना, यासाठी डॉक्टरांकडं नेऊन एक्स-रे काढला. तेव्हाही दाजींनी 'कासवाचा एक्स-रे' म्हणून अख्ख्या भावकीला फोन केले. जागा मिळाली नाही तर मादी अंडी पोटातच धरून ठेवते आणि त्यात मरूही शकते, हे त्यांना ऐकायचंच नव्हतं. रंकाळ्याच्या दगडी काठावर तिनं कुठं उकरलं असतं?

आणि यावर दाजींचं म्हणणं काय? 'बघ, मी म्हणालो होतो ना, त्याला बाहेर जायचंय!'

तर मुद्दा असा की कासवाच्या तोंडाकडं बघू नका. तिथं काही दिसत नाही, सगळी कासवं कायम रुसलेली दिसतात. पाय बघा.

तुमच्या कासवाचं फुसकारणं म्हणजे धमकी नव्हे. मान आणि पाय एकदम आत घ्यायचे तर कवचात जागा लागते, म्हणून फुप्फुसातली हवा बाहेर पडते, तिचा तो आवाज. घाबरलंय एवढाच अर्थ. वरून हात घालू नका, शिकारी वरूनच येतो. बाजूनं, सावकाश, त्याला दिसेल असे जा. काचेवर पाय मारणं म्हणजे काच त्याला कळत नाही, किंवा स्वतःचं प्रतिबिंब दिसतंय, किंवा टाकी लहान पडतेय. तीन बाजूंना बाहेरनं कागद लावून बघा. आणि टाकी मोठी घ्या, कागदानं सगळं भागत नाही.

दगडावर चढून मागचे पाय सरळ ताणून, बोटं फाकवून, मान लांब करून पडलं की लोक मेलं म्हणून घाबरतात. ते सुखात आहे. आपल्याकडं जुलैत आठवडाच्या आठवडा सूर्य दिसत नाही, तेव्हा हे दृश्य बंद होतं. खिडकीच्या काचेतनं आलेल्या उन्हाचा कवचाला उपयोग नाही, त्यातली यूव्हीबी म्हणजे अतिनील किरणं काचेत अडतात. पावसाळ्यात यूव्हीबीचा दिवा लावा. डिसेंबर-जानेवारीत पाणी गार पडलं की ते तळाला बसून राहतं, खात नाही. त्याचा रुसवा काढायला कोंबून खायला घालू नका, गारठ्यात पचत नाही.

पुढची लांब नखं तोंडासमोर थरथरवत असेल तर तो नर मादीला पटवतो तशी हालचाल करतोय. तुमच्या बोटासमोर केलं म्हणून हुरळून जाऊ नका. जमिनीवरच्या कासवांत मान वरखाली हलवणं आणि धडका मारणं ही बहुतेक नरांची लक्षणं. दोन नर एकत्र ठेवू नका.

जांभईचंही सांगतो. एका भाऊबीजेला दाजींनी जांभई दिली, पाठोपाठ बारकीनं तोंड उघडलं, 'माझं बघून दिली' म्हणून जाहीर झालं. लाल पायांच्या कासवांवर हाच प्रयोग युरोपातल्या संशोधकांनी केलाय. एका कासवाला लाल चौकोन दाखवल्यावर तोंड उघडायला शिकवलं आणि बाकीची बघून जांभई देतात का ते तपासलं. तसा काही पुरावा मिळाला नाही. त्याला 2011 चा इग नोबेल मिळाला, आधी हसवणाऱ्या आणि मग विचार करायला लावणाऱ्या संशोधनाला देतात तो. दाजींना मी ही माहिती पाठवली होती. निळ्या खुणा आल्या, उत्तर नाही.

कासव माणूस ओळखतच नाही असं माझं म्हणणं नाही. रोज खायला घालणारा त्याला नक्की कळतो. पण वर्षातनं दोनदा येणाऱ्याकडं ते धावतं तेव्हा तो माणूस हातात काय घेऊन आलाय ते बघावं. आमच्या खाण्याच्या डब्याला लाल झाकण आहे आणि या कासवांना लाल रंग चांगला दिसतो. दाजी आले की आधी तो डबा उचलतात. मी एकदा डबा शेजारच्या पोराच्या हातात दिला आणि दाजींना मोकळ्या हातानं टबच्या दुसऱ्या बाजूला उभं केलं. बारकी पोराकडं गेली. 'आज त्याचा मूड नाही,' दाजी म्हणाले.

आता राहिलेलं. एका अंगाला कलून पोहणं, नाकातनं बुडबुडे, सारखं तोंड उघडून श्वास घेणं ही फुप्फुसाच्या आजाराची लक्षणं आहेत. डोळे सुजून मिटले असतील तर बहुतेक 'अ' जीवनसत्त्व कमी पडतंय. दोन्हीत डॉक्टर गाठा, इथं प्रश्न टाकत बसू नका. हाताळल्यावर हात साबणानं धुवा, त्याच्या अंगावर साल्मोनेला नावाचा जंतू असतो. तुमच्या कासवाच्या पाठीवर पिवळ्या चांदण्यांची नक्षी असेल तर ते तारा कासव आहे. ते घरात ठेवणं 1972 च्या वन्यजीव कायद्यानं गुन्हा आहे. वनखात्याच्या 1926 वर फोन करून त्यांच्या ताब्यात द्या. विहिरीतनं किंवा ओढ्यातनं आणलेलं देशी कासव असेल तरी तेच.

लाल पट्ट्याचं असेल तर शेपटीचा आणि पुढच्या नखांचा फोटो टाका. मादी असेल आणि तुमच्याकडं मातीची जागा नसेल, तर काचेवर पाय मारण्याचं कारण कदाचित मी वर सांगितलं त्यापेक्षा वेगळं निघेल.