मुलाचा चाइल्ड सपोर्ट: अर्ज टेक्ससला करा, पण पुण्याचा आदेश जिवंत ठेवा

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: कंपनी तुम्हाला जानेवारीत पुण्याहून अमेरिकेत, न्यू जर्सी राज्यातल्या जर्सी सिटीला पाठवते आहे आणि नऊ वर्षांचा मुलगा सोबत येणार आहे. घटस्फोट पुण्याच्या कौटुंबिक न्यायालयात झाला. मुलासाठी महिना अठरा हजारांचा आदेश आहे. त्याचे वडील टेक्सस राज्यातल्या डॅलसला नोकरी करतात आणि सव्वा वर्षात एक रुपयाही आलेला नाही. तर इथल्या सरकारी चाइल्ड सपोर्ट खात्याकडे जाता येईल का, आणि त्याने तुमच्या व्हिसाला धोका होईल का?

जाता येईल, आणि धोका नाही. हा सरकारी भत्ता नव्हे. वडिलांनी द्यायचे पैसे मुलापर्यंत पोचवणं एवढंच ते खातं करतं, आणि त्यासाठी नागरिकत्व किंवा ग्रीन कार्ड लागत नाही. मी न्यू जर्सीतल्याच एडिसनला राहते. माझ्या मुलीची केस नऊ वर्षं चालली, म्हणून हे सविस्तर लिहिते आहे.

पण विमानात बसण्याआधी पुण्यातलं एक काम याच आठवड्यात करा. तुमचा आदेश कुठल्या कलमाखाली आहे ते बघा. तो जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम १२५ खाली किंवा १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १४४ खाली असेल, तर थकलेली रक्कम वॉरंटने वसूल करण्याचा अर्ज ती देय झाल्यापासून एका वर्षाच्या आत करावा लागतो. सव्वा वर्ष झालं म्हणजे सुरुवातीच्या हप्त्यांची मुदत बहुधा टळली आहे, आणि दर महिन्याला आणखी एक हप्ता टळतो आहे. आदेश हिंदू विवाह कायद्याखालचा असेल तर दरखास्तीचा, म्हणजे आदेशाच्या अंमलबजावणीच्या अर्जाचा, मार्ग वेगळा आहे, तो वकिलांना विचारा. निघण्यापूर्वी भावाच्या किंवा आईच्या नावे मुखत्यारपत्र करून ठेवा, नाहीतर प्रत्येक सहीसाठी तुमचं काम अडेल.

एवढा आग्रह का धरते ते सांगते. भारत आणि अमेरिका यांच्यात पोटगीच्या वसुलीचा करार नाही. २००७ च्या हेग पोटगी करारात भारत नाही, आणि आपल्या दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ४४अ साठी अमेरिका परस्पर प्रदेश म्हणून, म्हणजे जिथल्या न्यायालयाचे हुकूम भारतात थेट वसुलीला लावता येतात असा देश म्हणून, अधिसूचित नाही. उद्या मुलाचे वडील नोकरी गमावून पुण्याला परतले, तर इथलं खातं तिथे हात पोचवू शकत नाही. त्या दिवशी तुमच्याकडे फक्त पुण्याचा आदेश असेल. म्हणून इथे केस उघडली तरी तो आदेश मागे घेऊ नका, आणि ‘तिकडचं मिटवून टाकू’ असं कोणी सुचवलं तर ऐकू नका.

आता इकडचं. प्रत्येक राज्याचं खातं वेगळं आहे. न्यू जर्सीत अर्ज राज्याच्या चाइल्ड सपोर्ट कार्यालयाकडे जातो, पण वसुली काउंटीच्या न्यायालयातला प्रोबेशन विभाग बघतो. ‘प्रोबेशन’ हा शब्द पाकिटावर पाहून आपली माणसं घाबरतात. त्यात गुन्ह्याचा काही संबंध नसतो. टेक्ससमध्ये हे काम अ‍ॅटर्नी जनरलच्या कार्यालयाचा चाइल्ड सपोर्ट विभाग करतो.

तुमच्या बाबतीत अडचण अशी की मूल न्यू जर्सीत राहतं एवढ्यावरून इथल्या न्यायालयाला डॅलसच्या माणसावर हुकूम करता येत नाही. तो स्वतः कबूल झाला, किंवा इथे आला असताना त्याच्या हातात समन्स पडलं, तर गोष्ट वेगळी. एरवी न्यू जर्सी तुमची केस टेक्ससला पाठवते आणि आदेश टेक्ससचं न्यायालय काढतं. हे न्यू जर्सीच्या खात्यामार्फत करता येतं (फोन १-८७७-६५५-४३७१, अर्जाचे ६ डॉलर) किंवा तुम्ही सरळ टेक्ससला अर्ज करू शकता (८००-२५२-८०१४, अर्ज विनामूल्य). मी तुमच्या जागी असते तर सरळ टेक्ससला गेले असते. दोन राज्यं मध्ये आली की प्रत्येक कागद दोन टेबलांवरून फिरतो, आणि उशीर कुठे झाला ते कळत नाही. दोन्हीकडे एकदम अर्ज मात्र नको, त्याने गोंधळ वाढतो. सुनावणीसाठी डॅलसला जावं लागेल ही भीती बाळगू नका, दुसऱ्या राज्यातल्या पालकाला फोनवर साक्ष देता येते.

मग तुमच्या अठरा हजारांच्या आदेशाचं काय? टेक्ससचं न्यायालय परदेशी आदेशाचा मान ठेवून तो लागू करू शकतं, पण तशी सक्ती त्याच्यावर नाही. आणि लागू झाला तरी हातात काय येणार, दोनशेच्या आसपास डॉलर. टेक्ससच्या नियमाने एका मुलासाठी वडिलांच्या निव्वळ उत्पन्नाच्या २० टक्के धरतात, आणि त्यासाठी १ सप्टेंबर २०२५ पासून उत्पन्नाची मर्यादा महिना ११,७०० डॉलर आहे. त्यामुळे माझ्या मते नवा आदेश मागावा. पुण्याचा आदेश लपवायचा मात्र नाही. तो अर्जात नमूद करायचा, प्रत जोडायची, आणि आजवर काय मिळालं ते बँकेच्या उताऱ्यासह दाखवायचं. या एका मुद्द्यासाठी तासाभराचे पैसे देऊन टेक्ससच्या वकिलाचा सल्ला घ्याच. खात्याचे वकील राज्याचे असतात, तुमचे नसतात.

वयाचा हिशेबही ज्या राज्याचा आदेश त्याच्याच कायद्याने चालतो. टेक्ससमध्ये मूल १८ वर्षांचं होईपर्यंत किंवा हायस्कूल संपेपर्यंत, यातलं जे उशिरा असेल तोवर. न्यू जर्सीत साधारण १९ पर्यंत, आणि कॉलेजसाठी मागितलं तर २३ पर्यंत मिळू शकतं. तुमचा आदेश टेक्ससचा असेल, म्हणून मुलाच्या कॉलेजचा खर्च मनात धरून आतापासून बाजूला टाकायला लागा.

कागद आणताना नावांकडे बारकाईने बघा. आपल्याकडे जन्मदाखल्यावर आईचं सासरचं नाव, पासपोर्टवर माहेरचं, आणि मुलाच्या मधल्या नावात वडील. इथल्या संगणकाला ही तीन वेगळी माणसं वाटतात. निकालपत्र आणि पोटगीचा आदेश यांच्या सही-शिक्क्याच्या नकला, मराठी मजकुराचं इंग्रजी भाषांतर, मुलाचा जन्मदाखला, आणि त्यावर परराष्ट्र मंत्रालयाचं अपोस्टिल (कागद परदेशात खरा मानला जावा म्हणूनचा शिक्का), हे सगळं तिथूनच करून आणा. वडिलांची जन्मतारीख, शेवटची माहीत असलेली कंपनी, जुन्या कर विवरणाची प्रत असली तर त्यावरचा सोशल सिक्युरिटी नंबर, हेही द्या. माणूस शोधायला खात्याला याचाच उपयोग होतो.

आदेश निघाला की पैसे पगारातूनच कापले जातात आणि राज्याच्या वाटप केंद्रातून तुमच्या बँक खात्यात येतात. नोकरी बदलली की मध्ये खंड पडतो. कंपनीने नव्या माणसाची नोंद २० दिवसांत कळवायची असते, मग कपातीचं पत्र जातं, मग पगाराची तारीख. माझ्या मुलीच्या वडिलांनी तीनदा नोकरी बदलली आणि दर वेळी सहा ते आठ आठवडे कोरडे गेले. तिसऱ्या वेळी मला नवी कंपनी ओळखीतून कळली. मी त्याच दिवशी चाइल्ड सपोर्ट खात्याला लिहून कळवलं, आणि पैसे लवकर सुरू झाले. खातं शोधतंच, पण तुम्ही वाट पाहत बसू नका.

एक चूक माझी झाली, ती तुमची होऊ नये. मी एडिसनमध्येच घर बदललं, पोस्टात पत्ता बदलला आणि केसवर बदलायचा राहिला. रक्कम वाढवण्यासाठी मी अर्ज केला होता, त्याच्या सुनावणीची नोटीस जुन्या घरी गेली. मी हजर नव्हते, अर्ज निकाली निघाला. नवा अर्ज केला तेव्हा वाढ त्या नव्या तारखेपासून मिळाली. मधले पाच महिने परत आले नाहीत, कारण अमेरिकेच्या केंद्रीय कायद्याप्रमाणे अर्जाच्या आधीच्या काळाची रक्कम मागे जाऊन बदलता येत नाही. तोच नियम दुसऱ्या बाजूलाही लागतो. वडिलांची नोकरी गेली म्हणून थकबाकी आपोआप माफ होत नाही.

एक वही ठेवा. प्रत्येक फोनची तारीख, बोलणाऱ्याचं नाव, ‘यानंतर काय होणार आणि केव्हा’ याचं मिळालेलं उत्तर. शक्य तिथे ऑनलाइन खात्यातून लेखी विचारा. आणि वडिलांकडून परस्पर रोख किंवा बँकेतून पैसे घेऊ नका. ते हिशेबात धरले जात नाहीत, मग दोघांत वाद होतो आणि मुलगा ते ऐकतो. पैसे थकले म्हणून भेटी बंद करू नका. न्यायालय या दोन गोष्टी वेगळ्या धरतं, आणि मुलाला बाप हवा असतो.

थकबाकी २,५०० डॉलरवर गेली की पासपोर्ट अडतो असं तुम्हाला कोणीतरी सांगेल. तो अमेरिकी पासपोर्ट. वडील भारतीय नागरिक असतील तर त्याचा उपयोग नाही. कर परतावा अडवणं आणि वाहन परवाना निलंबित करणं हे उपाय मात्र त्यांना लागू पडतात.

इथे आल्यावर एकटं वाटलं तर न्यू जर्सीत ‘मानवी’ ही १९८५ पासून दक्षिण आशियाई स्त्रियांसाठी काम करणारी संस्था आहे. घरात मारहाणीचा इतिहास असेल तर अर्जातच तसं सांगा, तुमचा पत्ता गुप्त ठेवता येतो.

आदेश कुठल्या कलमाखाली आहे ते बघून कळवा, म्हणजे पुण्यात आधी काय दाखल करायचं ते बोलू.