‘छिन्नमनस्कता’ म्हणजे ‘दुभंगलेले व्यक्तिमत्त्व’ नव्हे

गुहागर तालुक्यातील एका वाचकांनी विचारले आहे की, घरातल्या एका आप्ताच्या आजाराची माहिती करून घेण्यासाठी त्यांनी ग्रंथालयातून मानसोपचारावरची तीन मराठी पुस्तके आणली. त्यांपैकी एकात ‘स्किझोफ्रेनिया’, दुसऱ्यात ‘छिन्नमनस्कता’ आणि तिसऱ्यात ‘दुभंगलेले व्यक्तिमत्त्व’ असा शब्द आढळला. तिन्ही शब्द एकाच आजाराचे आहेत का, आणि घरात व चारचौघांत बोलताना त्यांतला कोणता वापरावा, असा त्यांचा प्रश्न आहे.

पहिले दोन शब्द एकाच आजाराचे आहेत. तिसरा त्या आजाराचा नाही, आणि ज्या पुस्तकाने तो वापरला त्याने वाचकाची दिशाभूल केली आहे. हे इतक्या स्पष्टपणे लिहिण्याचे कारण असे की ही चूक आता पुस्तकांपुरती उरलेली नाही. एखाद्या पक्षाने सकाळी एक आणि संध्याकाळी दुसरे सांगितले की अग्रलेखात त्याची भूमिका ‘स्किझोफ्रेनिक’ ठरते. सकाळी कडक ऊन आणि दुपारी सर आली की हवामानही ‘स्किझोफ्रेनिक’ होते. दुटप्पी, दुतोंडी, दुहेरी, लहरी, चंचल असे एकाहून एक नेमके शब्द मराठीत असताना एका गंभीर आजाराचे नाव शिवीसारखे वापरण्याची गरज कोणाला आणि का पडावी, हे मला खरोखरच कळत नाही. एकाच माणसात दोन किंवा अधिक व्यक्तिमत्त्वे आळीपाळीने वावरणे हा निराळाच विकार आहे. अमेरिकेतील मानसोपचारतज्ज्ञांच्या संघटनेने 1994 मध्ये त्याचे ‘बहुव्यक्तिमत्त्व विकार’ हे जुने नावही बदलले. स्किझोफ्रेनियात माणूस एकच असतो. त्याला इतरांना न ऐकू येणारे आवाज ऐकू येतात, कोणी आपल्यावर पाळत ठेवून आहे अशा समजुती पक्क्या होतात, बोलण्यातला सांधा निखळतो, उमेद आणि भावना मंदावतात. जागतिक आरोग्य संघटनेच्या अंदाजानुसार जगात सुमारे 300 माणसांमागे एकाला हा आजार आहे. त्या सरासरीने तीन हजार वस्तीच्या गावात दहा माणसे भरतात. ज्या शब्दाशी इतक्या घरांचा संबंध आहे, तो अग्रलेखाच्या अलंकारासाठी नाही.

आता मूळ शब्दाकडे वळू, कारण खरा आनंद तिथे आहे.

‘स्किझोफ्रेनिया’ हा शब्द झ्युरिक येथील बुर्गहोल्झ्ली मनोरुग्णालयाचे प्रमुख ऑयगेन ब्लॉयलर यांनी 1908 मध्ये बर्लिनमधील एका व्याख्यानात प्रथम मांडला आणि 1911 मध्ये त्यावर सविस्तर ग्रंथ लिहिला. त्याआधी जर्मन मानसोपचारतज्ज्ञ एमिल क्रेपेलिन यांनी रूढ केलेले नाव होते ‘डिमेन्शिया प्रिकॉक्स’, म्हणजे अकाली येणारा बुद्धिऱ्हास. ब्लॉयलर यांचा आक्षेप असा की हा आजार दर वेळी लहान वयात येत नाही आणि दर वेळी बुद्धीचा ऱ्हासही होत नाही. म्हणून त्यांनी ग्रीक ‘स्खिझाइन’ म्हणजे फाडणे, चिरणे, आणि ‘फ्रेन’ म्हणजे मन, असे दोन शब्द जोडले. (‘ऑटिझम’ हा शब्दही त्यांचाच.)

या ‘स्खिझाइन’चे संस्कृत भावंड म्हणजे ‘छिद्’ धातू, आणि त्याचेच कर्मणि भूतकालवाचक धातुसाधित ‘छिन्न’. याला केवळ ध्वनिसाम्य समजू नये. ग्रीक आणि लॅटिनमध्ये जिथे ‘स्क’ असतो तिथे संस्कृतात ठरावीक परिस्थितीत ‘छ’ येतो. ग्रीकमध्ये सावलीला ‘स्किया’ म्हणतात, संस्कृतात ‘छाया’. ग्रीक ‘बास्को’ आणि संस्कृत ‘गच्छामि’ (दोन्हींचा अर्थ ‘जातो’) यांचेही नाते हेच. लॅटिनचा पुरावा तर त्याहून सुंदर आहे. तिथे ‘ते चिरतात’ याला ‘स्किंदुंत’ असे रूप आहे, आणि गीतेच्या दुसऱ्या अध्यायातील ‘नैनं छिन्दन्ति शस्त्राणि’ आपण लहानपणापासून म्हणत आलो आहोत. ‘स्किंदुंत’ आणि ‘छिन्दन्ति’ ही दोन रूपे शेजारीशेजारी ठेवून पाहावीत: धातूच्या पोटात शिरलेला तोच अनुनासिक, तोच ‘द’, बहुवचनाचा तोच प्रत्यय. म्हणजे ब्लॉयलर यांनी झ्युरिकमध्ये बसून जो धातू निवडला, तोच मराठी परिभाषाकाराने ‘छिन्नमनस्कता’ घडवताना निवडला.

हा योगायोग आहे असे मी मानत नाही, आणि यावर मतभेद असल्याची मला जाणीव आहे. माझे म्हणणे असे की हा शब्द ज्याने प्रथम घडवला त्याला हे नाते ठाऊक असले पाहिजे. फुटण्या-तुटण्याचे शब्द मराठीत थोडे नाहीत. भग्न, भिन्न, खंडित, विदीर्ण, द्विधा यांतला कोणताही घेता आला असता, आणि ‘भग्नमनस्क’ तर उच्चारालाही सोपा होता. हिंदीने ‘मनोविदलता’ असा शब्द केला, म्हणजे ‘दल्’ धातू घेतला. मराठीने मात्र नेमका सगोत्र धातू उचलला. त्या पिढीतले परिभाषा घडवणारे लोक संस्कृतात मुरलेले होते आणि युरोपीय तुलनात्मक व्याकरणही त्यांच्या अभ्यासात असे. अशा माणसाच्या लेखणीतून ‘छिन्न’ सहज आला असेल, पण अजाणता आला नसावा. शब्दाचा दुसरा भागही तितक्याच विचाराने घेतला आहे. ‘अन्यमनस्क’ हा शब्द आपल्याकडे रुळलेला होता, म्हणून त्याच धाटणीवर ‘छिन्नमनस्क’, म्हणजे ज्याचे मन छिन्न झाले आहे असा, हा बहुव्रीही समास कानाला परका वाटला नाही. ‘छिन्नमानस’ असेही रूप काही ठिकाणी भेटते. ते चुकीचे नाही, पण ‘अन्यमनस्क’च्या पंगतीला बसत नाही, म्हणून मला पहिलेच पसंत आहे.

यावर एक आक्षेप नेहमी येतो आणि तो पाणिनीय धातुपाठाचा, म्हणजे संस्कृत धातूंच्या अर्थासह दिलेल्या यादीचा, आधार घेऊन येतो. धातुपाठात ‘छिदिर् द्वैधीकरणे’ असे आहे, म्हणजे छिद् याचा अर्थ दोन करणे. मग ‘दुभंग’ म्हटले तर काय बिघडले? आक्षेप घेणारे विद्वान आहेत, पण धातुपाठातले अर्थ दिशा दाखवण्यापुरते असतात, हे परंपरेनेच मान्य केलेले आहे याचा त्यांना विसर पडतो. अर्थ ठरतो तो प्रयोगावरून. गीतेच्याच सहाव्या अध्यायात अर्जुन विचारतो की योगातून ढळलेला माणूस ‘छिन्नाभ्र’, म्हणजे विखुरलेला ढग, तसा नाहीसा तर होत नाही ना? ढगाचे नीट दोन तुकडे झालेले कोणी पाहिले आहेत? तो विरतो, पिंजतो, त्याच्या कडा सुटतात. मराठीतही ‘छिन्नविच्छिन्न’ म्हणताना कोणी दोनच तुकडे मोजत नाही. ‘दुभंग’मध्ये मात्र ‘दु’ म्हणजे दोन हे शब्दाच्या तोंडावरच लिहिलेले आहे, आणि सगळा घोटाळा त्या ‘दु’ने केला आहे.

ब्लॉयलर यांना जे फाटणे अभिप्रेत होते ते विचार, भावना आणि इच्छा यांना एकमेकांशी बांधणाऱ्या दुव्यांचे. मासेमारीचे जाळे जुने झाले की त्याच्या गाठी जागोजागी सुटतात. जाळे एकच राहते, पण ओढताना त्यात काही ठरत नाही. बोलण्यात हे कसे दिसते ते समजावे म्हणून एक नमुना रचून देतो. ‘जेवलास का?’ या साध्या प्रश्नाला उत्तर येते: ‘जेवण जेटीवर, जेटीला होडी, होडी काळी, काळीज माझं त्यांनी काढून नेलं, आता बातम्यांत दाखवतील.’ प्रत्येक शब्द पुढच्या शब्दाला कुठेतरी धरून आहे. ‘जेवण’मधला ‘जे’ जेटीला ओढून आणतो आणि ‘काळी’ काळजाला, पण मूळ प्रश्न केव्हाच मागे पडलेला असतो. इथे दुसरा कोणी माणूस बोलत नाही. बोलणारा तोच आहे, फक्त सांधे सुटले आहेत. ‘छिन्न’ हा शब्द या अवस्थेला जितका बसतो तितका दुसरा कोणताही बसत नाही.

दुसरा आक्षेप नव्या मंडळींचा आहे. ते जपानचा दाखला देतात. जपानी भाषेत या आजाराच्या जुन्या नावाचा अर्थ ‘मन फुटण्याचा रोग’ असा होता. रुग्णांच्या कुटुंबीयांच्या संघटनेने मागणी लावून धरल्यावर 2002 मध्ये ते बदलून ‘एकसूत्रता बिघडण्याचा विकार’ अशा अर्थाचे नाव घेतले गेले. मग मराठीनेही ‘छिन्न’ टाकावा, असे त्यांचे मत आहे. जपानी कुटुंबांच्या दुःखाबद्दल मला आदर आहे, पण हा दाखला इथे लागू होत नाही. मराठी माणसाच्या मनावर डाग उमटवणारा शब्द ‘छिन्नमनस्कता’ हा कधीच नव्हता. बहुतेकांनी तो ऐकलेलाच नाही. डाग उमटवतात ते ‘वेडा’, ‘खुळा’, ‘दुभंगलेला’ हे शब्द. महाराष्ट्रातील चार प्रादेशिक मनोरुग्णालयांपैकी एक रत्नागिरीला असल्यामुळे आपल्या किनाऱ्यावर ‘ह्याला रत्नागिरीला न्यायला हवा’ हे वाक्यही तेच काम करते. आजारी माणसाला उपचारासाठी नेण्याचे ठिकाण थट्टेचे व्हावे, याचे मला फार वाईट वाटते.

आणि खाली मालवण-वेंगुर्ल्याकडचा वेड्यासाठीचा ‘पिसो’, म्हणजेच संतांच्या अभंगांतला ‘पिसा’, हा मुळात ‘पिशाच’पासून आलेला आहे. शब्दातच निदान करून ठेवले आहे की झपाटले आहे, बाहेरचे काही लागले आहे. म्हणूनच आजही पुष्कळ घरांत आधी गाऱ्हाणे घातले जाते, कौल लावला जातो, आणि डॉक्टरांकडे जाईपर्यंत महिने निघून जातात. चरकसंहितेच्या निदानस्थानात उन्मादाच्या प्रकरणात स्वच्छ म्हटले आहे की जो स्वतःच्या कर्माने क्लेशात पडलेला नाही त्याला देव, गंधर्व, पिशाच किंवा राक्षस पीडा देत नाहीत. त्यात रुग्णावरच ठपका येतो, तो मी मान्य करत नाही. पण पिशाचाकडचे बोट तिथे काढून घेतले आहे हे नक्की. ‘छिन्नमनस्कता’ हा शब्द पिशाचही आणत नाही आणि कर्मही आणत नाही. मनाच्या कामकाजात बिघाड आहे, इतकेच तो सांगतो, आणि ज्याला बिघाड म्हणता येतो त्यावर औषध शोधता येते. 1952 मध्ये फ्रान्समध्ये क्लोरप्रोमाझिन या गोळीपासून असे औषध सापडूही लागले.

चरकांचा ‘उन्माद’ हाच शब्द या आजाराला का घेऊ नये, असेही कोणी विचारतील. चरकांचा उन्माद फार व्यापक आहे. मन, बुद्धी, संज्ञाज्ञान, स्मृती, भक्ती, शील, चेष्टा आणि आचार या आठांचा विभ्रम त्यात येतो. आजच्या मराठी पुस्तकांत तो बहुधा ‘मेनिया’साठी, म्हणजे मनाच्या अतिउत्तेजित अवस्थेसाठी, वापरतात. तो तिथेच राहू द्यावा.

रत्नागिरीतून 1924 ते 1937 या काळात सावरकरांनी भाषाशुद्धीचा जो आग्रह धरला, त्याचा वारसा सांगणारे काही जण ‘स्किझोफ्रेनिया’ हा शब्द मराठीतून घालवावा असे म्हणतात. मी ‘छिन्नमनस्कता’च्या बाजूचा असूनही त्यांच्याशी सहमत नाही. औषधाच्या चिठ्ठीवर, रुग्णालयाच्या कागदांवर आणि प्रमाणपत्रावर ‘स्किझोफ्रेनिया’ असाच उल्लेख असतो, आणि चिठ्ठीवरचे नाव घरच्यांना ओळखता आलेच पाहिजे.

तेव्हा प्रश्नकर्त्यांनी डॉक्टरांशी व कागदोपत्री ‘स्किझोफ्रेनिया’ म्हणावे, आणि घरातल्या वडीलधाऱ्यांना समजावताना ‘छिन्नमनस्कता’ हा शब्द वर दिलेल्या अर्थासह सांगावा. आप्ताविषयी बोलताना ‘तो स्किझोफ्रेनिक आहे’ असे न म्हणता ‘त्याला स्किझोफ्रेनिया आहे’ असे म्हणावे. मधुमेह किंवा दमा झालेल्या माणसाबद्दल आपण असेच बोलतो. तिसरे पुस्तक ग्रंथालयाला परत करताना ग्रंथपालांच्या कानावर ही चूक जरूर घालावी, कारण ते पुस्तक पुढे नेणाऱ्या वाचकाच्या घरीही कोणी आजारी असू शकते.