अपिलाची मुदत गेली, आता काय?

प्रश्न : माझे मिस्टर ३४ वर्षांचे, रिक्षा चालवायचे, ट्रकच्या धडकेत गेले. अपघाताची भरपाई ठरवणाऱ्या ट्रिब्युनलने महिना १०,००० उत्पन्न धरून १४,४०,००० दिले, ते मी उचललेत पण. घरी दोन मुलं, सासूबाई. आता दोन वर्षांनी कोणी म्हणतं अजून मिळाले असते. उशीर झाला का?

उत्तर : ताई, उशीर झालाय, पण दार बंद नाही. मोटार वाहन कायद्याच्या कलम १७३ खाली हायकोर्टात अपिलाला ९० दिवस असतात, नंतर गेलात तर उशीर माफीचा वेगळा अर्ज लागतो आणि त्यात खरं कारण लिहा, आजारपण असेल तर कागद जोडा, नुसतं 'माहीत नव्हतं' कोर्टाला पटेलच असं नाही. पैसे उचलले म्हणून अपिलाचा हक्क जात नाही.

तुमच्या हिशोबात मला एकच गोष्ट खटकली. सुप्रीम कोर्टाच्या २०१७ च्या प्रणय सेठी निकालाप्रमाणे स्वतःचा धंदा असलेल्या चाळिशीच्या आतल्या माणसाच्या उत्पन्नात पुढच्या वाढीचे ४०% धरतात, ते इथे धरलेलेच दिसत नाहीत! म्हणजे महिना १४,०००, त्यातून त्यांच्या स्वतःच्या खर्चाचा चौथा हिस्सा वजा, राहिले १०,५००, गुणिले १२ महिने, गुणिले १६ (हा आकडा वयावरून ठरतो), म्हणजे २०,१६,०००. फरक ५,७६,००० चा. फक्त उशिराच्या काळाचं व्याज कोर्ट बरेचदा कापतं, त्याची तयारी ठेवा. निकालाची सर्टिफाइड कॉपी आधी काढा.